आबांच्या कुत्र्याची शिकवणी

कुत्र्याला मी बेदाणे खायला घातले. तासगावचे, हिरवे, लांब दाण्याचे, घरी कुणी आलं तर वाटीत घालून पुढं ठेवावेत असे. सांडले आणि त्यानं खाल्ले असं झालं नाही. रोज सकाळी पँटच्या खिशात भरून घेऊन, ठरवून, एकेक करून, "शाब्बास" म्हणत घातले. आणि कुत्रा माझा नव्हता.

कुत्रा सासऱ्यांचा. सासऱ्यांना सगळं गाव आबा म्हणतं, म्हणून मीही आबाच म्हणतो. फौजेतले हवालदार. साताऱ्याकडं त्यांचं गाव. गावात ऊस, विहीर आणि सासूबाई गेल्यापासून हा कुत्रा. रंगानं तांबूस, एक कान कायम उभा, दुसरा त्याच्या मनात येईल तेव्हा. गावात तो मोकळाच असायचा. आबा पुढं आणि तो मागं, किंवा तो पुढं आणि आबा मागं, असं दोघांचं सकाळचं फिरणं चालायचं. कोण कुणाला फिरवतंय हा प्रश्न तिथं कुणाला पडलेला नव्हता.

मग गावाबाहेरचा रस्ता रुंद झाला. उसाचे ट्रॅक्टर मागं दोन-दोन ट्रॉल्या लावून पळायला लागले, आणि कुत्र्याला मोटरसायकलींच्या मागं लागायचा नाद. म्हणून आबांनी त्याच्या गळ्यात दोरी बांधली आणि दुसरं टोक स्वतःच्या मनगटाला गुंडाळलं. एका सकाळी पलीकडच्या बांधावर कुत्र्याला मुंगूस दिसलं. कुत्रा मुंगसाकडं गेला, दोरी कुत्र्याबरोबर गेली, मनगट दोरीबरोबर गेलं, मग आबांना जाणं भागच होतं. खुब्याचं हाड मोडलं.

मिरजेला ऑपरेशन झालं आणि आबा आमच्याकडं सांगलीत विश्रामबागेत आले. चार दिवसांनी कुत्राही आला. गावात तो भाकरीला तोंड लावेना, म्हणून माझ्या मेहुण्यानं त्याला गाडीत घालून आणला. मेहुणा साताऱ्यात असतो, बँकेत आहे. आबांना बांधावरून उचलून गाडीत घालणारा तोच. त्यामुळे आम्हा सगळ्यांत त्या पडण्याचा धसका त्यालाच जास्त. कुत्र्याला आमच्या व्हरांड्यात बांधता बांधता तो मला बाजूला घेऊन म्हणाला, "दाजी, हे तात्पुरतं. कुपवाडला माझ्या मित्राचा कारखाना हाय. वॉचमनला कुत्रं पायजे. आबांना घरी न्यायला येईन तवा जाता जाता तिकडं सोडू. शेड हाय, खाणंपिणं हाय. काय वाईट न्हाई."

"आबांना विचारलंस?"

"तुम्ही विचारा की."

मी विचारलं. आबांनी भिंतीकडं तोंड केलं. दुसऱ्या दिवशी व्यायाम शिकवणारा माणूस आला तर त्याला म्हणाले, "आज न्हाई." तिसऱ्या दिवशीही आज न्हाई. डॉक्टरांनी निक्षून सांगितलेलं, रोज चालायचं, नाहीतर पाय धरून बसेल. आबा मात्र पलंगावरून वॉकरकडं असे बघायचे, की जणू तो कुणी परका माणूस न विचारता घरात आलाय. शेवटी बायकोनं रागावून विचारलं, "आबा, तुम्हाला चालायचं हाय का न्हाई?"

"चालून जायाचं कुठं?" आबा म्हणाले. "कुत्रं न्हाई तर जायाचं कुठं मी?"

 कुणाकडं उत्तर नसलं की माझं तोंड उघडतं, ही माझी जुनी खोड आहे. मी म्हणालो, "मी शिकवतो त्याला. न ओढता, पायाशी पाय लावून चालायला. मेहुणेबुवा यायच्या आत."

"तुम्ही?" बायको म्हणाली. त्या एका शब्दात आमचा सगळा संसार होता.

आबा मात्र भिंतीकडून इकडं वळले. माझ्याकडं बघितलं. त्या बघण्यामुळं मी अडकलो. नाहीतर मी दुपारपर्यंत सगळं विसरलोही असतो.

विम्याच्या कचेरीतून निवृत्त झालेल्या माणसाकडं वेळ आणि मोबाईल दोन्ही भरपूर असतात. मी व्हिडिओ बघितले. पहिल्यात एक गोरा माणूस सांगत होता की कुत्र्यानं ओढलं की झाडासारखं जागच्या जागी उभं राहायचं. दुसऱ्यात दिल्लीकडचा एक जाडजूड गडी सांगत होता की ओढलं की गपकन उलटं फिरून विरुद्ध दिशेला चालायला लागायचं. तिसऱ्यात एक परदेशी मुलगी सांगत होती की ओढायची वेळच येऊ द्यायची नाही, मांडीशी हात धरून दर पावलाला खाऊ द्यायचा. तिघंही इतक्या खात्रीनं बोलत होते की मला तिघांचंही पटलं. म्हणून पहिल्याच सकाळी मी तिन्ही केलं.

बाहेरून ते कसं दिसत असेल याचा मी विचार केला नव्हता. मी चार पावलं चालायचो, मध्येच खांबासारखा उभा राहायचो, मग गर्रकन मागं फिरायचो, मांडीवर थापटी मारायचो आणि परत उभा. कुत्रा सुरुवातीला ओढत होता. थोड्या वेळानं तो ओढायचं थांबला आणि माझ्याकडं निरखून बघायला लागला. समोरून रोज फिरायला येणारे एक सद्गृहस्थ धावत आले आणि त्यांनी माझा दंड धरला. "साखर कमी झाली का काका? बसा इथं, बसा." त्यांनी मला कट्ट्यावर बसवलं, खिशातली लिमलेटची गोळी काढून माझ्या तोंडात घातली आणि माझं घर कुठं ते विचारलं. गोळी चांगली होती. मी नाही म्हणालो नाही.

आता खाऊचं. ती मुलगी म्हणाली होती की खाऊ वाटाण्याएवढा हवा, मऊ हवा, गोड वास हवा, आणि चावत बसावं लागू नये. मी स्वयंपाकघरात उभा राहून विचार केला आणि फ्रीज उघडला. तासगावचा माझा एक जुना पॉलिसीधारक द्राक्षबागायतदार आहे. दर हंगामाला न चुकता बेदाण्याचा बॉक्स पाठवतो. बॉक्समध्ये बघितलं तर वाटाण्याएवढा, मऊ, गोड वासाचा खाऊ भरून ठेवलेला. असं वाटलं की त्या परदेशी मुलीला सांगलीची माहितीच नव्हती, नाहीतर तिनं नावच घेतलं असतं.

आणि कुत्र्याला आवडले! दुसऱ्या दिवशीपासून तो माझ्या पायाला असा चिकटला की मला चालता येईना. डोळे वर, माझ्या खिशावर. मी डावीकडं वळलो की तोही डावीकडं, मी थांबलो की तोही थांबायचा. तीन पावलं चालला की बसायचा आणि तोंड उघडायचा. मी बेदाणा टाकायचो. दाणा पडायच्या आत "शाब्बास" म्हणायचं, असं व्हिडिओत होतं. ते मला जमायचं नाही. कधी आधी बेदाणा जायचा, कधी शब्द, आणि कधी मी शब्द उच्चारून बेदाणा स्वतःच्याच तोंडात टाकायचो. सकाळची वेळ, पोटात काही नसतं, हात आपोआप वर जातो.

आबा खिडकीशी खुर्चीत बसून बघायचे. खिडकीतून आवाज यायचा, "आवं पाव्हणं, काय फुटाणं घालताय व्हय त्याला?"

"तसंच काहीतरी, आबा!"

"परेडला फुटाणं वाटत न्हाईत कुणी."

"नवी पद्धत आहे!"

"बघा बाबा. न्हाई तर रोज रेशन घिऊन फिराय लागंल मला."

हा मुद्दा बरोबर होता, पण मी तो कानाआड केला. कारण त्या दिवशी आबांनी नाश्त्याला दोन पोळ्या जास्त मागितल्या. मेहुण्याला मी फोन करून सांगितलं, "अरे, पायाला चिकटून चालतोय."

"आणि मोटरसायकल आली तर?"

"तेवढा भाग व्हायचाय अजून."

तो भाग यायच्या आधीच आमच्या गल्लीच्या कोपऱ्यावरच्या बाई आल्या. त्यांच्याकडं एक पांढरा झुबकेदार पामेरियन आहे, आणि तो मी आजपर्यंत जमिनीवर बघितलेला नाही, कायम त्यांच्या काखेत. त्या दिवशी त्या थांबल्या, कौतुकानं बघत राहिल्या. मला बरं वाटलं. मी खास त्यांच्यासाठी एक गिरकी घेतली.

"किती छान ऐकतो हो! काय देता त्याला?"

"बेदाणे. तासगावचे. घ्या ना तुम्हीही."

बाईंनी पुढं केलेला हात मागं घेतला. "बेदाणे? कुत्र्याला? अहो, विष आहे ते!"

मी हसलो. अगदी मोठ्यानं हसलो, कारण मला वाटलं शहरातल्या बायकांचं हे असंच असतं. म्हणालो, "बाई, तिकडं बेदाण्याच्या शेडखाली कुत्री झोपतात. बेदाणा विष असता तर तासगावात एक कुत्रं उरलं नसतं."

"झोपतात. खातात का?"

हे मला माहीत नव्हतं. मी विचार केला, आणि मला फक्त झोपलेली कुत्री आठवली. बाईंनी तोवर त्यांच्या जनावरांच्या डॉक्टरांना फोन लावला होता. फोन त्यांनी माझ्या कानाला लावला. पलीकडून एकच वाक्य आलं, "आत्ता लगेच घेऊन या."

रिक्षात कुत्रा खूश होता. मान बाहेर काढून वारा खात होता. माझ्याकडं बघून रिक्षावाल्यानं विचारलं, "माणसांच्या दवाखान्यात न्यायचं का आधी?"

डॉक्टर तरुण होते आणि त्यांना वाया घालवायला शब्द नव्हते. "किती दिले?"

"मूठभर. म्हणजे रोज मूठभर. पण त्यातले थोडे मी खाल्ले."

"तुम्ही किती खाल्ले?"

"ते कुठं मोजणार? आज जरा कमी खाल्ले. कालच्याविषयी सांगता येत नाही."

"म्हणजे त्यानं किती खाल्ले ते तुम्हाला माहीत नाही."

तसं बघायला गेलं तर, नाही.

त्यांनी कुत्र्याला इंजेक्शन देऊन उलटी करायला लावली. सकाळचे बेदाणे सगळे तसेच बाहेर आले, न चावलेले, फुगलेले. ती मुलगी म्हणाली होती तसेच, चावत बसावं न लागणारे. मग रक्त घेतलं, पुढच्या पायावरचे केस तासून सुई लावली, सलाईन चढवलं. मी बाटलीकडं बघत उभा राहिलो. विचारलं, "आता काय होईल?"

"काही सांगता येत नाही," डॉक्टर म्हणाले. "काही कुत्री पुष्कळ खातात आणि काही होत नाही. काहींच्या किडन्या थोड्याशानंही जातात. कुठल्या कुत्र्याचं काय होईल ते आधी कळत नाही."

उभी हयात मी लोकांच्या बैठकीत बसून नेमकं हेच वाक्य म्हणत आलो. काही सांगता येत नाही हो, आज आहे उद्या नाही, सही इथं करा. त्या वाक्यावर मी घर बांधलं, मुलीचं शिक्षण केलं. ते वाक्य समोरच्याच्या पोटात जाऊन कसं बसतं हे मला तोवर ठाऊक नव्हतं.  माझं तोंड बघून डॉक्टरांच्या मदतनिसानं मला पाणी दिलं. कुत्र्याला पाणी दिलं नाही, त्याला सलाईन होतं.

"लघवीवर लक्ष ठेवा," डॉक्टर म्हणाले. "ती कमी झाली, थांबली, तर समजायचं की किडनी दमली. उद्या परत सलाईन. दोन दिवसांनी परत रक्त बघू."

घरी आबांना काय सांगायचं? बायकोनं ठरवलं, सांगायचं नाही. "नखं काढायला नेलं होतं म्हणा." मी तसं म्हणालो. आबांनी मान डोलावली. मग कुत्रा आत आला, त्यांच्या खुर्चीपाशी बसला, आणि आबांनी त्याचा पाय हातात घेतला. तासलेली जागा, चिकटपट्टी.

"नखं कोपरापाशी असत्यात व्हय आता?"

मी बायकोकडं बघितलं. ती स्वयंपाकघरात निघून गेली होती. मग मी सांगितलं. बेदाणे, खिसा, बाई, उलटी, सगळं. आबांच्या हातात कुत्र्याचा पाय तसाच होता. मला वाटलं आता बोलतील. शिव्या तरी देतील. फौजेतल्या त्यांच्याकडं पुष्कळ आहेत. ते म्हणाले, "मुततंय का?"

"रिक्षातून उतरल्यावर केली."

"भरपूर?"

"बऱ्यापैकी."

"परत बघा. आन मला येऊन सांगा."

आणि इथून माझ्या शिकवणीची दिशा बदलली, किंवा बदलली असं आता वाटतं. तेव्हा काहीच समजत नव्हतं. तोवर मी आठवडाभर त्याला एकच गोष्ट बजावत होतो, की खांब आला तरी थांबायचं नाही, मान सरळ, चल पुढं. आता मी प्रत्येक खांबाशी आपण होऊन थांबायला लागलो. थांबायचो आणि म्हणायचो, "कर रे राजा. कर." तो माझ्याकडं बघायचा. काल हाच माणूस खांबावरून ओढत नेत होता, आज विनवण्या करतोय. त्याचा बिचाऱ्याचा जो गोंधळ झाला असेल तो मला समजू शकतो, कारण माझाही तोच झाला होता. त्यानं पाय वर केला की मी आनंदानं "शाब्बास!" असं ओरडायचो, आणि या वेळी शब्द अगदी वेळेवर पडायचा. जे मला खाऊबरोबर कधी जमलं नव्हतं ते आता बिनचूक जमत होतं.

आबा फाटकाशी खुर्ची टाकून बसायचे. मी खांबापासून हात वर करून ओरडायचो, "आबा, झाली!" शेजारच्या गच्चीवर वाळवण घालणाऱ्या बाई चमकून बघायच्या. आबा तिथून ओरडायचे, "रंग?"

"रंग कसा बघू?"

"डोळ्यांनी!"

मी वाकून बघायचो. कॉलेजची पोरं गाड्यांवरून जाता जाता वळून बघायची. मी खांबाशी वाकलेला, शेजारी कुत्रा आदबीनं उभा. ओळखीचे काही लोक त्या काळात रस्ता बदलून जायला लागले. त्यांचं मी मनाला लावून घेतलं नाही, माझं मन किडनीत होतं.

आबांचा माझ्या बातमीवर विश्वास नव्हता. दुसऱ्या दिवशी सकाळी, मी पहिल्या खांबापाशी असताना, मागं खट खट आवाज आला. वळून बघितलं तर आबा. वॉकर घेऊन फाटकाबाहेर. मागं बायको, हात पुढं करून, धरू की नको अशी.

"आबा, अहो कशाला? मी सांगतोय की!"

"तुमी बऱ्यापैकी म्हणताय. बऱ्यापैकी म्हंजे किती, ते कळत न्हाई."

मला वाईट वाटलं, खरं सांगतो. एवढी राबणूक करून माणसाचा आपल्यावर भरवसा नाही. मी बायकोला तसं बोलूनही दाखवलं. तिनं माझ्याकडं बघितलं आणि म्हणाली, "अहो, ते चालताहेत."

"चालताहेत ते चालताहेत, पण माझ्यावर अविश्वास किती!"

"चा-ल-ता-हे-त," बायको म्हणाली.

तेव्हा कुठं माझ्या डोक्यात उजेड पडला. दुपारी मी कुत्र्याला सलाईन लावून आणल्यावर आबा दुसऱ्या खांबापर्यंत आले. संध्याकाळी त्याच्याही पुढच्या. तिथं टेकले, घाम पुसला, कुत्र्याचं काम बघितलं, पसंतीची मान हलवली. व्यायाम शिकवणारा माणूस आला तेव्हा पलंग रिकामा होता. त्यानं काळजीनं विचारलं, "आजोबांना परत ॲडमिट केलं का?"

दुसऱ्यांदा रक्त बघितलं ते ठीक आलं. डॉक्टर म्हणाले, "वाचला."

"म्हणजे बेदाणा तसा चालतो त्याला?"

डॉक्टर बायकोकडं वळून म्हणाले, "घरातल्या खाण्याच्या कपाटाची चावी कुणाकडं असते?" तिनं त्याच दिवशी बॉक्स शेजारी देऊन टाकला.

पुढं दोन आठवड्यांनी, ठरल्याप्रमाणं रविवारी, मेहुणा आला. गाडी लावली, चहा घेतला, आणि माझ्याकडं वळला. "दाखवा दाजी." आबा फाटकाशी उभे होते. तोवर वॉकर जाऊन काठी आली होती. त्यांची काठीवरची पकड मला दिसत होती. कुत्रा कुपवाडला जायचा की गावाला, ते पुढच्या पाच मिनिटांत ठरणार होतं, आणि ते माझ्यावर होतं. असा विश्वास माझ्यावर पुन्हा कुणी टाकू नये.

मी दोरी घेतली. "चल," म्हणालो. कुत्रा मला ओढत पहिल्या खांबापाशी घेऊन गेला, पाय वर केला, आणि शाबासकीसाठी माझ्याकडं बघितलं. मी सवयीनं ओरडलो, "शाब्बास!" मग त्यानं मला दुसऱ्या खांबापाशी नेलं. तिथंही तेच. पोटात काही उरलं नव्हतं तरी पाय वर. मी ओरडायचं टाळलं, तर तो पाय वर धरूनच थांबला.

"दाजी," मेहुणा म्हणाला, "हे शिकवलंय तुम्ही?"

"अर्धवट आहे अजून."

"उरलेलं अर्धं काय असणार हाय?"

मला खरंच माहीत नव्हतं. आबा काठी टेकत माझ्यापाशी आले आणि माझ्या हातातून दोरी घेतली. "आबा, नको," मेहुणा पुढं झाला. आबांनी त्याच्याकडं बघितलंच नाही. ते निघाले. आबांचं चालणं म्हणजे एक पाऊल, मग काठी, मग दुसरं पाऊल, मग एक सुस्कारा. कुत्रा पुढच्या खांबाशी गेला आणि थांबला. आबा यायच्या आत त्याचं काम झालेलं. आबा आले, त्यांनी खांबाला हात लावला, दम घेतला. कुत्रा बसून वाट बघत होता. दोरी जमिनीला टेकली होती. दोघं पुढच्या खांबाकडं निघाले. दम खायला आबांना नेमकं तेवढंच अंतर हवं होतं. मी बघत राहिलो. हे मी शिकवलं होतं की माझ्या हातून घडलं होतं की माझ्या असण्याचा इथं काही संबंधच नव्हता, ते मला ठरवता येईना, अजूनही येत नाही.

तेवढ्यात कोपऱ्यावरून मोटरसायकल आली. डबल सीट, सायलेन्सर फाटलेला. कुत्र्याचे दोन्ही कान उभे. मेहुणा "आबा!" म्हणून धावला. कुत्र्यानं झेप घेतली आणि आबांनी सरळ हात उघडला. दोरी सुटली. कुत्रा दोरीसकट पळाला, गल्लीच्या टोकापर्यंत गेला, मोटरसायकल गेली निघून. तो तिथं उभा राहिला. मागं वळून बघितलं. मग दोरी फरपटत, तोंड जरा पाडून, परत आला आणि आबांच्या पुढच्या खांबाशी जाऊन बसला.

मेहुण्यानं आबांचा दंड धरला. "हे बघितलंत? ओढलं त्यानं!"

"मला कुठं ओढलं?"

"तुम्ही सोडलीत म्हणून!"

"मग? धरून पडलो तवा लय बरं झालं हुतं व्हय?"

"आबा, ही गल्ली हाय. गावात ट्रॅक्टर हायत. तिथं दोरी सोडली तर चाकाखाली जाईल."

"रस्त्याला जायाचंच न्हाई. पाटाकडनं जाईन. तिकडं गाडी येत न्हाई." आबांचा आवाज एकदम खाली आला. "तू मला उचाललंस, मला ठावं हाय. त्या दिवशी तुझं तोंड बघितलंय मी. पर घरात बसून मी काय करू रं?"

 मेहुण्यानं खिशातून फोन काढला आणि कुपवाडच्या मित्राला सांगितलं की वॉचमनसाठी दुसरं बघ. फोन ठेवल्यावर आबांना म्हणाला, "पाटाकडनंच. आणि काठी घेऊनच. एकदा जरी रस्त्याला दिसलात तर मी काय ऐकणार न्हाई."

"व्हय साहेब," आबा म्हणाले. हवालदारानं मुलाला असं म्हटलेलं मी प्रथमच ऐकलं.

मागच्या सीटवर जुनी चादर अंथरली. कुत्रा एका उडीत आत, आबा पुष्कळ उड्यांत. बायकोनं डबा दिला, डोळे पुसले. मला मात्र चुटपुट लागली होती. आपण हाती घेतलेलं काम असं कुणाच्या तरी हातात अर्धवट देऊन टाकायचं म्हणजे बरं दिसत नाही. तिसऱ्या व्हिडिओतल्या मुलीचे अजून पुष्कळ धडे बाकी होते. मी खिडकीपाशी वाकलो.

"आबा, मी येत जाईन पंधरा दिवसांतून एकदा. सकाळी तुमच्याबरोबर पाटावर येतो. त्याचं पुढचं शिक्षण करून टाकू."

आबांनी काच खाली घेतली, पूर्ण घेतली, म्हणजे मला नीट ऐकू यावं.

"ऱ्हाऊ द्या, पाव्हणं. मला पाडायला ह्यो येकटा बास हाय."